पेंढ्यात बांधलेले बेट

केरू पोशा म्हात्रे यांनी मॉरिशस या देशावर तीन पुस्तके लिहिली आहेत: एक इतिहासावर, एक तरुणाईवर आणि एक संस्कृतीवर. त्या देशात ते कधी गेलेले नाहीत. दक्षिणेला रोहा आणि उत्तरेला न्हावा शेवा बंदराचे फाटक, एवढाच त्यांचा प्रवास. फाटकातून आत जायला पास लागतो, म्हणून त्या देशाला जाणारे जहाजसुद्धा त्यांनी रस्त्यावरूनच पाहिले. पण पेण तालुक्यात मॉरिशसचा विषय निघाला की माणसे एकमेकांना सांगतात, "केरूनानांना विचारा." आणि नाना कोणालाही रिकाम्या हाताने परत पाठवत नाहीत.

जोहे गावात घरोघर गणपतीचे कारखाने आहेत. त्यातल्या एका कारखान्यात नाना तीस वर्षे मूर्ती बांधतात. बांधतात म्हणजे घडवत नाहीत. घडवणारे वेगळे, रंगवणारे वेगळे, डोळे आखणारे तर फारच वेगळे; ते कोणाशी बोलतही नाहीत. सगळ्यांचे काम संपले की तयार मूर्ती लाकडी पेटीत अशी बसवायची की समुद्रापार उघडली तरी सोंडेचे टोक जागेवर असले पाहिजे, हे नानांचे काम. झाकण ठोकून झाले की ते बोटाच्या पेराने पेटीवर चारी बाजूंनी टकटक करतात आणि कान लावून ऐकतात. आत काही सैल राहिले असेल तर आवाज पोकळ येतो म्हणे. पेटी हलवून बघणाऱ्यांना ते अडाणी समजतात.

त्यांची माझी ओळख पेटीमुळेच झाली. माझ्या डायरीत ११ मे १९९६, शनिवार, अशी नोंद आहे: 'जोह्याहून एक गृहस्थ आले. पत्र इंग्रजी. वाचून दाखवले. चहा नको म्हणाले, नकाशा मागितला.' पत्र मॉरिशसच्या व्यापाऱ्याचे होते. कारखान्यात इंग्रजी वाचणारे कोणी नव्हते आणि मी कॉन्व्हेंटात शिकले हे पेणमध्ये तोपर्यंत सगळ्यांना कळले होते. पत्र वाचून झाल्यावर नानांना पेट्यांवर रंगवायच्या 'पोर्ट लुई' या दोन शब्दांचा ठावठिकाणा हवा होता. मी ॲटलास उघडून हिंदी महासागरात बोट ठेवले. त्यांना काही दिसेना. मी आमच्या यजमानांचे भिंग आणून दिले. मग दिसला, तिळाएवढा ठिपका.

"एवढाच?" नाना म्हणाले. "आनि याला गनपती लागतात?"

"लागतात. आपल्या कोकणातली माणसं पूर्वी तिकडं उसाच्या मळ्यात मजुरीला गेली. त्यांची पोरंबाळं आहेत ती."

"म्हंजे आपलीच मानसं!" ते म्हणाले, आणि ठिपक्यावर भिंग धरून बराच वेळ बसून राहिले.

तिथून हे सुरू झाले.

इतिहासाचे पुस्तक तसे निरुपद्रवी झाले. वाचनालयातला ज्ञानकोश, माझा ॲटलास आणि व्यापाऱ्याने पाठवलेली दोन कॅलेंडरे एवढ्या सामग्रीवर ते उभे राहिले. तिथे डोडो नावाचा एक पक्षी होता, तो नामशेष झाला, यावर नानांनी नऊ पाने लिहिली. 'स्वभावाने सरळ असल्यामुळे त्याचा घात झाला. असे आमच्या गावातही घडते,' हे त्यातले शेवटचे वाक्य. ते कोणाला उद्देशून आहे यावरून जोह्यात थोडी चर्चा झाली. पुस्तकाची झालेली ती एकमेव चर्चा.

तरुणाई आणि संस्कृती यांची माहिती मात्र वाचनालयात नव्हती. तेव्हा नानांनी ती जिथे हाताशी होती तिथून घेतली. त्यांच्याकडे पेट्यांची वही होती. कोणत्या वर्षी किती मूर्ती गेल्या, केवढ्या गेल्या, कुठला रंग मागवला, काय मोडले, सगळे त्यात होते. एखाद्या घराच्या दोरीवर वाळणाऱ्या कपड्यांवरून जशा आपल्याकडच्या बायका घरातले सगळे ओळखतात, तसा नानांनी त्या वहीवरून एक देश ओळखला.

मॉरिशसहून मागणी यायची ती नेहमी फूट-सव्वा फुटाच्या मूर्तींची. त्यावरून नानांनी लिहिले की तिथली तरुणाई अत्यंत विनम्र असून तिला भपक्याचा तिटकारा आहे. पेणच्या मंडळांनी यातून धडा घ्यावा. एका वर्षी दहा-बारा मूर्तींना निळे पितांबर मागवले होते. त्यावरून 'तरुणांचे सागरप्रेम' हे प्रकरण. २०११ मध्ये मागणीच आली नाही. त्यावर 'नास्तिकतेची लाट आणि तिचे ओसरणे' हे प्रकरण, वीस पाने. २०१२ मध्ये मागणी पुन्हा आली, म्हणून लाट ओसरली.

पण त्यांचे सर्वांत आवडते प्रकरण शांततेवरचे. १९९९ मध्ये मॉरिशसला पोचलेल्या मूर्तींपैकी सव्वीस मूर्तींचे परशू धरलेले हात मोडले होते. पुढच्या वर्षी व्यापाऱ्याने कळवले की हात अंगालगत असावेत, आयुधे नसली तरी चालतील. नानांनी निष्कर्ष काढला की शतकाच्या अखेरीस त्या देशाने शस्त्रे टाकली. आपल्या बांधणीत हात मोडतो हे मान्य करण्यापेक्षा एक अख्खा देश अहिंसावादी होणे त्यांना सोपे गेले.

ही सगळी हस्तलिखिते माझ्याकडे तपासायला येत. आम्हाला सिस्टरनी समास सोडायला शिकवले होते, आणि समासात काय लिहायचे तेही. मी ऱ्हस्व-दीर्घ सुधारले, वाक्ये सरळ केली, देश तपासला नाही. व्यापाऱ्याची पत्रे मीच वाचून दाखवत होते. 'हात अंगालगत का?' असे उलट पत्री विचारणे मला सहज शक्य होते. विचारले नाही. माणूस रंगात आला होता, आणि आपले काय जाते, असे मला वाटले. मजकुराला मी एकदाच हात लावला. संस्कृतीच्या पुस्तकात एका वाक्यासमोर पेन्सिलीने लिहिले, 'आधार काय? गाळावे.' नानांनी ते निमूटपणे गाळले.

पुस्तके रोह्याच्या छापखान्यात छापली. मुद्रिते आणायला नाना गाडीने जात. कासू स्टेशन गेले की पिशवीतून कागद काढत. निडीला एक्स्प्रेसला वाट द्यायला गाडी थांबवली की त्यांना आनंद होई. संस्कृतीची अर्पणपत्रिका त्यांनी निडीलाच लिहिली: 'ज्यांना मी पाहिले नाही, त्या सर्वांस.' ती मात्र मला आवडली होती. खर्च कारखान्याने केला, मागच्या पानावर कारखान्याची जाहिरात छापायची या अटीवर. जाहिरात चार रंगांत आली, त्यामुळे मागचे पान हेच पुढचे वाटते. पुष्कळांनी पुस्तक उलटेच कपाटात लावले आहे.

त्यानंतर सत्कार सुरू झाले. नानांच्या घरी अकरा शाली आहेत. गिरजाबाई, म्हणजे त्यांच्या मंडळी, त्या पापड वाळत घातले की कावळ्यांपासून वर पसरतात. सत्कार करणाऱ्या एकानेही पुस्तक वाचलेले नव्हते, हे नानांना माहीत होते. भाषणात प्रत्येक जण मुखपृष्ठापर्यंतच येई.

"घरात दोनच मानसं," गिरजाबाई मला म्हणाल्या होत्या, "त्यातला एक बेटावर रातो. जेवायपुरता येतो इकडं. बाई, तुमी त्याला नकाशा दावलात. दुसरं कायतरी दावायचं होतं."

पेणचे एक नवविवाहित जोडपे तिकडे फिरायला जाणार होते, ते नानांचा सल्ला घ्यायला आले. नानांनी बजावून सांगितले, हळू बोला, भडक कपडे नकोत, लोक विनम्र आहेत. परत येऊन तो मुलगा म्हणाला, "नाना, तिकडं तर ढोल बडवून नाचतात की हो!"

"तू हाटेलात ऱ्हायलास ना?" नाना म्हणाले. "मग तू देश बघितलासच नाय."

हे सगळे हसण्यावारी नेता आले असते. पण नानांची एकच इच्छा होती, आणि ती ते कोणाला सांगत नसत. मला एकदा सांगितली. त्या बेटावरच्या एखाद्या माणसाने आपले पुस्तक वाचावे आणि म्हणावे, 'हो, हे आम्हीच.' "शाल नको," ते म्हणाले. "नुस्तं तेवढं म्हनला तरी माझी पेटी बंद." व्यापाऱ्याला त्यांनी दर वेळी पेटीत घालून प्रती पाठवल्या. त्याचे उत्तर एकदाच आले. प्रतींचे वजन मूर्तींच्या वजनात धरू नये, असे.

आणि मग २०२४च्या फेब्रुवारीत बेटावरचे माणूस खरेच आले.

झाले असे. तिन्ही पुस्तकांची एकत्रित आवृत्ती कारखान्याचे मालक विशालशेट यांनी छापून घेतली. प्रकाशन मराठी भाषा दिनी, २७ तारखेला, वाचनालयाच्या सभागृहात ठरले. वाचनालयाचे अध्यक्ष दाजी. ते या तालुक्यातल्या प्रत्येक व्यासपीठावर असतात, खुर्च्या मागाहून मांडतात. त्याच सुमारास मॉरिशसच्या व्यापाऱ्याने कळवले की यंदाच्या मूर्ती निवडायला आपली पुतणी येत आहे, आडनाव बाबाजी. तिकडे आजा-पणजाचे नावच आडनाव होऊन बसते. पण विशालशेटनी दाजींना फोनवर घाईत फक्त 'मॉरिशसचे बाबाजी येतायत' एवढेच सांगितले. निमंत्रणपत्रिका छापून आल्या त्यात प्रमुख पाहुणे म्हणून 'प. पू. बाबाजी (मॉरिशस)' होते.

पाहुणी स्टेशनवर उतरली तेव्हा दाजी हार आणि सोवळ्यातला फराळ घेऊन उभे होते. चोवीस वर्षांची मुलगी, जीन्स, पाठीवर सॅक.

"आपण बाबाजींच्या शिष्या का?" दाजींनी विचारले.

"मी प्रतिक्षा बाबाजी. बाबाजी माझ्या पणजोबांचे वडील. ते निवर्तले."

"अरेरे! कधी?"

"अंदाजे शंभर वर्षांपूर्वी."

दाजींनी हार तिलाच घातला.

प्रतिक्षाची मराठी शाळेत शिकलेली. 'कृपया', 'क्षमस्व', 'तथापि' असे शब्द ती रोजच्या बोलण्यात वापरी. रिक्षावाल्याला म्हणाली, "महोदय, जोहे ग्रामी जायचे आहे." त्याने तिला हिंदीत उत्तर दिले. विशालशेटनी तिला एकत्रित आवृत्तीची प्रत दिली तेव्हा सगळ्यांच्या अपेक्षेप्रमाणे ती तिने बॅगेत टाकायला हवी होती. तिने ती वाचायला घेतली. पेणमध्ये असे काही होईल याची कोणी तरतूदच केलेली नव्हती.

रविवारी, २५ तारखेला सकाळी, ती माझ्याकडे आली. पुस्तकात रंगीत चिठ्ठ्या इतक्या होत्या की ते मिटत नव्हते.

"आजी, आपण हे पुस्तक तपासले, असे प्रस्तावनेत आहे," ती म्हणाली. "मग मी आपल्यालाच विचारते. हा कोणता देश आहे?"

मी तिला चहा दिला. ती बोलत गेली, मी डायरीत उतरून घेत गेले. छोट्या मूर्ती का? मोठ्या वाटेत मोडतात म्हणून काका मागवत नाहीत. मोठ्या ते तिकडेच करतात. तिच्या मित्रांचे मंडळ बारा फुटी करते आणि मिरवणुकीत पहाटेपासून ढोल. निळे पितांबर? इंग्लंडातल्या एका फुटबॉल संघाचे शर्ट निळे, आणि त्या वर्षी पोरांना त्याचे वेड. २०११? काकांच्या दोन्ही गुडघ्यांचे ऑपरेशन. आणि शस्त्रत्याग?

"तो प्रसंग घरी इतक्या वेळा ऐकला आहे की मलाच आठवतो असे वाटते, तथापि मी तेव्हा जन्मलेही नव्हते," ती म्हणाली. "काकू पेट्यांतून सव्वीस हात मोजून बाहेर काढत होती आणि रडत होती."

एकूण एकशे बारा चुका झाल्या. मला हसू आवरले नाही, आणि लगेच लाजही वाटली. परवा त्या माणसाच्या आयुष्यातली पहिली वाचक व्यासपीठावर बसणार होती, आणि तिला 'दोन शब्द' बोलायला सांगणार होते.

"मी खोटे बोलू शकते," प्रतिक्षा म्हणाली. "तथापि मला चांगले जमत नाही."

"चल जोह्याला," मी म्हटले.

नाना पेटी भरत होते. दोन्ही पायांत पेटी धरलेली, मांडीवर फोमच्या पट्ट्या. पूर्वी पेंढा असे. २००३ साली व्यापाऱ्याने कळवले की बंदरावर भाताच्या पेंढ्याला हरकत घेतात, तेव्हापासून फोम आणि कातरलेला कागद. पुस्तकातल्या चिठ्ठ्या पाहून नाना उभे राहिले.

"वाचलंस?" त्यांनी विचारले. आवाज अगदी लहान झाला होता.

"पूर्ण वाचले, नाना."

"पूर्न!" ते माझ्याकडे पाहून म्हणाले. "बाई, पूर्न!" मग तिला बसायला फोमची गुंडाळी पुढे केली. "बोल गो. काय ते बोल."

ती बोलली. पान नंबर सांगून, न हसता, एकेक. नानांचे हात चालू होते. मूर्ती ठेवली, पट्ट्या दाबल्या, कागद भरला. तरुणाई संपली तेव्हा झाकण ठोकून झाले होते. सव्वीस हातांचे आले तेव्हा त्यांनी पेराने पेटीवर टकटक केले, कान लावला, आणि कान तसाच लावून राहिले.

"म्हंजे तीस वर्सं मी पेटी बघितली," ते पेटीलाच म्हणाले. "बेट नाय बघितलं."

"हे मी कवापासनं सांगते!" दारातून गिरजाबाई म्हणाल्या. मग नवऱ्याचा चेहरा पाहून त्यांनी सूर बदलला. "पन मी काय म्हंते पोरी, एक पान तरी बरोबर असंल ना? एवढं जाड हाय."

प्रतिक्षाने खरेच पाने उलटून पाहिली. तिला सापडले नाही. तेवढ्यात दाजी आणि विशालशेट कार्यक्रमाची रूपरेषा घेऊन आले. त्यांना सांगितले.

"चुका?" दाजी म्हणाले. "हॉल ठरलाय, फेटे आलेत, पत्रकार येतोय. आता चुका कशा काय निघतील?"

"एकशे बारा निघाल्यात," नाना म्हणाले.

"निघूदेत. कार्यक्रमात काढायच्या नाहीत. हे बघ केरू, देश लांब आहे. तो काय येतोय बघायला?"

"तो आलाय," नानांनी प्रतिक्षाकडे बोट दाखवले. "हा काय, बसलाय."

दाजींनी देशाकडे पाहून नमस्कार केला आणि रूपरेषेची एक प्रत दिली.

ते दोघे गेले. मग काहीतरी बोलायचे म्हणून प्रतिक्षाने कारखान्याच्या कोपऱ्याकडे पाहिले. तिथे गाईसाठी पेंढ्याचा भारा होता. ती उठली, एक मूठ काढली, नाकाशी धरली.

"आमच्या आजीच्या डब्यातला वास," ती म्हणाली. "बिस्किटांचा पत्र्याचा डबा. पूर्वी पेट्यांतून पेंढा यायचा ना? आमच्याकडे भात पिकत नाही, नुसता ऊस. तो यायचा बंद झाला तेव्हा शेवटच्या पेटीतला तिने ठेवून दिला. चतुर्थीला डबा उघडायची, आम्हा मुलांना वास द्यायची, लगेच बंद करायची. 'गाव उडून जाईल' म्हणायची. तिने गाव पाहिलेले नव्हते. आता डबा माझ्याकडे आहे."

नाना माझ्याकडे पाहू लागले. मी चष्मा पुसू लागले. मला काहीतरी आठवत होते, आणि ते आठवू नये असे वाटत होते.

घरी येऊन २०१६ ची डायरी काढली. मी जे कोणाचे खोडते ते डायरीत उतरून ठेवते. सिस्टर म्हणत, दुसऱ्याचे पुसले तर जबाबदारी घ्यावी. १४ ऑगस्ट, रविवार. नोंद सापडली. ती मी एका कागदावर नीट, समास सोडून, लिहून काढली.

मंगळवारी सभागृह भरले. अर्धे लोक परमपूज्य बाबाजींच्या दर्शनाला आले होते. मराठी भाषेच्या थोरवीवर दाजी चाळीस मिनिटे बोलले. त्यांच्यामागच्या फलकावर 'बुक लाँच सोहळा' असे होते. मग त्यांनी ग्रंथ हातात घेऊन सांगितले की हा ग्रंथ हातात घेताच त्याचे वजन जाणवते. इथपर्यंत ते प्रामाणिक होते.

नानांना मनोगतासाठी बोलावले. ते उठल्यावर मी कागद त्यांच्या हातात दिला. "सगळं वाचून झालं की हे वाचा," म्हटले. त्यांनी तो खिशात ठेवला आणि दुसऱ्या खिशातून त्यांची यादी काढली.

"मंडळी," नाना म्हणाले, "हे पुस्तक चुकलंय."

टाळ्या.

"नाय, ऐका. पान एकशे चार. मी लिहिलं, तिकडली पोरं विनम्र हायत म्हनून लहान मूर्ती घेतात. चूक हाय. ती बारा फुटाची करतात."

जोरदार टाळ्या. मागून कोणीतरी शिट्टी मारली.

"पान एकशे एकोनीस. नास्तिकतेची लाट आली नव्हती. गुडघं दुखत होतं."

टाळ्या. माझ्या शेजारचे गृहस्थ भारावून म्हणाले, "काय विनय! हल्ली असा लेखक मिळत नाही." नाना एकेक चूक मोठ्याने वाचत होते आणि सभागृह प्रत्येक चुकीला दाद देत होते. एका जागी त्यांनी यादी खाली घेऊन कळवळून म्हटले, "अहो, टाळ्या काय वाजवता? मी तीस वर्सं खोटं लिहिलं!" त्याला सर्वांत मोठी टाळी मिळाली. मग सव्वीस हात आले. "आनि हे हात माझ्या बांधनीत मोडले," ते म्हणाले. "त्या देशानं शस्त्रं टाकली नाय. मी टाकायला लावली." या वाक्यावर पत्रकाराने फोटो काढला.

सत्तराव्या चुकीला दाजींनी हातातून माईक घेतला. ग्रंथकारांचे हे विनम्र मनोगत आपण मनात साठवू या, आणि बाहेर वडे गरम आहेत, असे त्यांनी सांगितले. 'दोन शब्द' राहूनच गेले. सभागृह पाच मिनिटांत रिकामे झाले. नाना माईकशिवाय उभे राहिले, गळ्यात बारावी शाल, हातात उरलेल्या बेचाळीस चुका. पहिल्या रांगेत फक्त प्रतिक्षा, व्यासपीठावरून खाली येऊन बसलेली, तिच्याशेजारी गिरजाबाई.

मग नानांना माझा कागद आठवला. त्यांनी तो काढला, उलगडला आणि ओठ हलवत वाचला.

"हे माझं हाय," ते म्हणाले. "बाई, हे तर तुमी गालायला लावलंत."

"हो. आता मोठ्यानं वाचा."

नानांनी रिकाम्या खुर्च्यांना वाचून दाखवले:

"'पेंढा बंद झाला त्या वर्षी तिकडल्या एखाद्या म्हातारीने पेटी उघडून आधी वास घेतला असेल, आणि भाताचा वास आला नाही म्हणून जुन्या पेटीतली मूठभर काडी डब्यात घालून ठेवली असेल.'"

 प्रतिक्षा उठून व्यासपीठाच्या पायरीपर्यंत गेली.

"हे तुम्हाला कोणी सांगितले?"

"कोनी नाय गो. पेंढा बंद झाला तवा मलाच चुकल्यासारखं झालं. म्हनलं, तिकडं पन कोनालातरी होत असंल."

"हो, नाना," ती म्हणाली, आणि पहिल्यांदाच तिला पुढचा शब्द आठवेना. "हे... हे आम्हीच."

नानांनी शाल काढली, घडी केली आणि गिरजाबाईंच्या मांडीवर ठेवली.

"वडा खायचा का गो आता?" गिरजाबाई म्हणाल्या. "का तो पन चुकीचा हाय?"

दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात 'मॉरिशसकडून पेणच्या अभ्यासकाच्या संशोधनावर शिक्कामोर्तब' असे छापून आले. नानांच्या नावाखाली फोटो दाजींचा होता.

महाशिवरात्रीच्या आत प्रतिक्षा परत गेली. नाना आठवड्याभरात रोह्याला गेले. छापखान्याचे मालक म्हणाले, शुद्धिपत्र म्हणजे एक चिठोरे असते, अठ्ठेचाळीस पानांचे शुद्धिपत्र आमच्या तीन पिढ्यांत कोणी छापले नाही. नाना म्हणाले, छापा. एप्रिलमध्ये मूर्ती गेल्या तेव्हा प्रत्येक पेटीत फोमवर एक शुद्धिपत्र होते. ऑक्टोबरपर्यंत तिकडून सात पत्रे आली. सातही जणांनी शुद्धिपत्रातल्या चुका कळवल्या आहेत. नानांना इतके खूश मी कधी पाहिले नव्हते. पत्रे मी वाचून दाखवते, आणि आता प्रत्येक ठिकाणी उलट पत्री 'का?' असे विचारते.

शुद्धिपत्राची मुद्रिते तपासायला नानांनी माझ्याकडेच दिली होती. पहिलीच नोंद मी तीनदा वाचली, आणि तिला हात लावला नाही. ती अशी आहे:

'पृष्ठ २११, ओळ ११. येथे एक वाक्य हवे होते, ते तपासणाऱ्या बाईंनी आधार नाही म्हणून गाळले. ते खाली दिले आहे. आधार: बिस्किटांचा डबा, मॉरिशस.'